‘प्लेयर्स बॉल’: नाताळासाठी मागवलेलं गाणं

तांबडीमाती (अटलांटा)

मावसबहिणीचा मुलगा एमएस करायला इथे आला. त्याला आणायला विमानतळावर गेले आणि परतताना मुद्दाम मार्टानं आलो. मार्टा म्हणजे इथली मेट्रो. विमानतळ सोडलं की पहिलं स्टेशन कॉलेज पार्क, मग ईस्ट पॉइंट, मग लेकवुड. सोळा-अठरा तासांच्या प्रवासानं पोर पेंगत होतं. मी त्याला हलवून उठवलं आणि म्हटलं, बाहेर बघ, अमेरिकेच्या दक्षिणेचं रॅप ज्या गल्ल्यांतून वर आलं त्या या. आउटकास्टचं ‘हे या’ त्याला पाठ होतं, ‘मिस जॅक्सन’ माहीत होतं. त्यांचं पहिलं गाणं मात्र त्यानं ऐकलेलं नव्हतं. इथेही अनेकांनी ऐकलं नसेल, म्हणून हा धागा काढते आहे.

गाणं ‘प्लेयर्स बॉल’. नोव्हेंबर १९९३ मध्ये आलं. आउटकास्ट म्हणजे दोन मुलं, आंद्रे बेंजामिन आणि अँटवान पॅटन. पुढे जग त्यांना आंद्रे ३००० आणि बिग बॉय म्हणून ओळखू लागलं. दोघंही १९७५ साली जन्मलेले, म्हणजे गाणं आलं तेव्हा जेमतेम अठरा वर्षांचे. ईस्ट पॉइंटच्या ट्राय-सिटीज हायस्कूलमधले. आधी ‘मिसफिट्स’ असं काही नाव घ्यायचा विचार होता, मग शब्दकोशात त्याच अर्थाचा दुसरा शब्द शोधताना ‘आउटकास्ट’ सापडला. वाळीत टाकलेला. ते नाव पुढे किती खरं ठरलं ते खाली प्रतिसादांत येईलच, एका पुरस्कार सोहळ्याची गोष्ट कुणीतरी सांगणारच आहे.

ईस्ट पॉइंटला सौंदर्यप्रसाधनांचं एक दुकान होतं, तिथे रिको वेड नावाचा तरुण काम करायचा. ही दोन मुलं दुकानाबाहेर, गाडीतल्या टेपवर ट्राइब कॉल्ड क्वेस्ट या न्यू यॉर्कच्या रॅप गटाच्या एका गाण्याची नुसती वाद्यं लावून, आळीपाळीनं रॅप करत राहिली. रिकोनं त्यांना आपल्या आईच्या घरी नेलं.

ते घर लेकवुड हाइट्स भागात आहे. जॉर्जियाची माती लाल. माझं माहेर सावंतवाडीजवळचं, त्यामुळे या शहरात आल्यावर पहिली ओळख पटली ती मातीशी. ओली झाली की चपलेला चिकटते आणि पांढऱ्या कपड्यावर डाग पडला तर कापड फाटेपर्यंत जात नाही. रिकोच्या आईच्या घराचं तळघर याच मातीत खणलेलं, अर्धवट सोडलेलं. फरशी नाही, गिलावा नाही. रिको वेड, रे मरे आणि स्लीपी ब्राउन हे तिघं ‘ऑर्गनाइज्ड नॉइज’ या नावानं तिथे संगीत करायचे. त्या तळघराला सगळे ‘डंजन’ म्हणत, म्हणजे अंधारकोठडी. पोरं वह्या घेऊन रात्र रात्र तिथे बसायची. आजही तिथून निघालेल्या सगळ्या मंडळींना ‘डंजन फॅमिली’च म्हणतात.

आता मुद्द्याचं. अटलांटात लाफेस नावाची रेकॉर्ड कंपनी होती, एल. ए. रीड आणि बेबीफेस यांनी १९८९ मध्ये काढलेली. त्यांचा हात बसलेला होता तो गोड, घोटीव आर अँड बी गाण्यांवर. रीडना ही दोन रॅप करणारी पोरं सुरुवातीला फारशी पटली नव्हती. टीएलसी या तीन मुलींच्या गटाच्या एका गाण्याच्या रिमिक्समध्ये दोघांना थोडी जागा मिळाली, तेवढीच. मग १९९३च्या नाताळासाठी कंपनीनं आपल्या कलाकारांचा एक संच काढायचं ठरवलं. टोनी ब्रॅक्स्टन, टीएलसी, तेव्हा अगदी पोरसवदा असलेला अशर. त्यात एक गाणं या दोघांकडे आलं.

नाताळाचं गाणं म्हटलं की काय काय हवं असतं ते ठरलेलं आहे. बर्फ, धुराडं, सांताक्लॉज, चुलीशेजारी जमलेलं कुटुंब. हे काम हातचं गेलं तर पुढचं दार बंद, हे कळण्याइतकी ही मुलं नक्कीच मोठी होती. तरीही त्यांनी लिहिलं ते असं की आमच्या वस्तीत धुराडीच नाहीत, तर मोजे टांगायचे कुठे? आमच्याकडे हा दिवस बाकीच्या दिवसांसारखाच जातो. गाड्या निघतात, मित्र जमतात, खाणंपिणं होतं, कुणी आफ्रो राखलेला, कुणी वेण्या घातलेल्या, आणि जो तो आपापल्या गाडीच्या दिमाखात. नाताळ म्हणून बर्फगाडीची घुंगरं तेवढी वाजतात. बाकी सगळं ईस्ट पॉइंट आणि कॉलेज पार्कचं.

मला या गाण्याचं मोल इथे वाटतं. त्यांना संधी दिली होती ती दुसऱ्याच्या सणाचं चित्र रंगवण्याची, त्यांनी त्या जागेवर आपल्या गल्लीतला दिवस लिहून दिला. आणि तो आपल्या उच्चारात म्हटला. १९९३ मध्ये रॅप म्हणजे न्यू यॉर्क किंवा लॉस एंजेलिस. दक्षिणेचे स्वर लांबवलेले, शब्दाचं शेपूट गिळणारे, ऐकणाऱ्याला खेडवळ वाटणारे. ‘प्लेयर’चा ‘प्लेया’ होतो. पाच महिन्यांनी, एप्रिल १९९४ मध्ये, त्यांचा पहिला अल्बम आला तेव्हा हा उच्चार त्यांनी थेट नावातच घातला, ‘सदर्नप्लेयालिस्टिककॅडिलॅकम्यूझिक’. आपण ‘आहे’ऐवजी ‘हाय’ लिहून पुस्तकाच्या मुखपृष्ठावर छापावं, तसं.

गाणं बिलबोर्ड मासिकाच्या रॅप यादीत पहिल्या क्रमांकावर सहा आठवडे राहिलं. त्यांच्याच हॉट १०० मध्ये, म्हणजे सगळ्या प्रकारच्या गाण्यांच्या यादीत, ३७ पर्यंत पोचलं. पाच लाख प्रतींचं गोल्ड मिळालं. आणि मग करार, अल्बम, पुढचं सगळं.

तुम्ही कधी, कुठे ऐकलंत? ऐकलं नसेल तर आधी ऐका आणि मग लिहा.

सप्तक (पुणे)

धागा वाचून लगेच ऐकलं, तीनदा. मी बेस गिटार वाजवतो, त्यामुळे कान आधी तिकडेच गेला. त्या काळातलं पुष्कळसं रॅप जुन्या तबकड्यांचे तुकडे कापून, ते फिरते ठेवून केलेलं असे. इथे बेस वाजवणारा माणूस श्वास घेतोय असं जाणवतं. सूर सरळ आघातावर न पडता किंचित मागे रेलतो. ऑर्गनाइज्ड नॉइजची ही खासियतच आहे. सॅम्पलवर विसंबण्यापेक्षा माणसं बोलवायची आणि वाजवून घ्यायचं.

ध्रुवपद गाणारा आवाज स्लीपी ब्राउनचा. त्याचे वडील जिमी ब्राउन हे ‘ब्रिक’ या अटलांटाच्या फंक बँडमधले, सॅक्सोफोन आणि बासरी वाजवणारे. १९७६ मध्ये ‘डॅझ’ हे त्यांचं गाणं गाजलं होतं. त्या मुलाच्या कानावर घरात काय पडत असेल त्याची कल्पना करा. चोरट्या, उंच पट्टीत तो जे गातो त्यात जुन्या सोल गायक कर्टिस मेफील्डची सावली मला स्वच्छ ऐकू येते. आधीच्या पिढीचं संगीत कापून न वापरता मुलानं ते घरातूनच उचलून पुढे नेलंय.

लयही बघा. घाई अजिबात नाही. न्यू यॉर्कचं त्या काळचं रॅप चालत्या माणसाचं वाटतं, भराभर पावलं टाकणारं. हे गाडीत बसून ऐकायचं आहे, खिडकी उघडी, एक हात बाहेर.

अबोली१२ (नाशिक)

चाल डोक्यातून जात नाही, हे आधी कबूल करते. पण ‘प्लेयर्स बॉल’ हे नाव कुठून आलं ते धाग्यात नाही, आणि ते यायला हवं. शिकागोत दलालांचा मेळावा भरायचा, त्याचं हे नाव. ‘प्लेयर’ म्हणजे त्या बोलीत बायकांना नादी लावून त्यांच्या कमाईवर ऐट मारणारा पुरुष. सत्तरच्या दशकातल्या सिनेमांनी त्याला फरचा कोट आणि मोठी गाडी देऊन नायक केलं. या मुलांनी तो मान तसाच उचलला. वस्तीचं खरं चित्र म्हणून आपण ज्याचं कौतुक करतोय, त्या चित्रात त्या वस्तीतल्या बाया कुठे आहेत? त्यांच्या नाताळाचं काय?

गाणं वाईट आहे असं माझं म्हणणं नाही. तुम्ही ज्या खरेपणाबद्दल लिहिलंय, तो अर्धाच आहे.

तांबडीमाती (अटलांटा)

अबोलीताई, हे मी टाळलं आणि टाळायला नको होतं. नावाचा उगम तुम्ही म्हणता तोच.

मला एवढंच जोडायचंय की गाण्यात प्रत्यक्ष धंदा फारसा नाही, त्याचा पेहराव आहे. अठरा वर्षांच्या मुलांनी वडिलांच्या पिढीच्या सिनेमातला कोट अंगावर चढवून बघितला, असं मला वाटतं. आणि तो त्यांनी फार दिवस ठेवला नाही. २००० साली ‘मिस जॅक्सन’ आलं. त्यात मुलाच्या आईच्या आईची, म्हणजे जिच्याशी लग्नही झालेलं नाही अशा बाईच्या आईची, जाहीर माफी आहे. ते गाणं २००१ मध्ये हॉट १०० मध्ये पहिलं आलं. ‘प्लेयर’पासून त्या माफीपर्यंत सात वर्षं लागली. पहिल्या गाण्यात बाया दिसत नाहीत हे तुमचं म्हणणं त्यानं खोडलं जात नाही, ते मान्य आहे.

रात्रीचा_रेडिओ (ठाणे)

लेख आवडला, पण ‘दक्षिणेचं रॅप इथून वर आलं’ हे वाक्य मला जास्त वाटतं. ह्यूस्टनचे गेटो बॉइज १९९१ मध्येच ‘माइंड प्लेइंग ट्रिक्स ऑन मी’ घेऊन आले होते, आणि मनातली भीती इतक्या उघडपणे तोवर फार कुणी रॅपमध्ये मांडली नव्हती. मायामीच्या टू लाइव्ह क्रूचा १९८९चा अल्बम अश्लील आहे असा निकाल १९९० मध्ये कोर्टानं दिला आणि देशभर चर्चा झाली. खुद्द अटलांटातून १९९२ मध्ये क्रिस क्रॉसचं ‘जंप’ आलं, ते आठ आठवडे हॉट १०० मध्ये पहिलं होतं. ॲरेस्टेड डेव्हलपमेंटही अटलांटाचेच, त्यांना ग्रॅमी मिळालं होतं.

तेव्हा आउटकास्ट पहिले नव्हते. मग त्यांच्यात नवीन काय होतं? माझं उत्तर असं. क्रिस क्रॉस ऐकून ते कुठल्या गावचे आहेत ते कळत नाही. ॲरेस्टेड डेव्हलपमेंटच्या गाण्यांत दक्षिण आहे, पण ती आजोळची, शेताची, पूर्वजांची. ‘प्लेयर्स बॉल’मध्ये आजच्या शहरातली दक्षिण आहे, रस्त्यांच्या नावांसकट. मायामीचं संगीत नाचायला लावायचं, शब्द दुय्यम. इथे शब्दांचं काम न्यू यॉर्कच्या तोडीचं आहे, आणि उच्चार मात्र जराही बदललेला नाही. या दोन गोष्टी एकत्र यायला १९९३ उजाडलं.

तांबडीमाती (अटलांटा)

दुरुस्ती मान्य. ‘इथून वर आलं’ऐवजी ‘इथून पुढे त्याच्याकडे दुर्लक्ष करणं अवघड झालं’ असं वाचावं.

कपाशी (यवतमाळ, सध्या पुणे)

रॅपमधलं मला काही कळत नाही. उच्चाराबद्दल वाचलं म्हणून लिहितो.

बारावीनंतर इंजिनिअरिंगला आलो. पहिल्या सेमिस्टरला प्रेझेंटेशन देताना ‘आम्ही हे मोजून राहिलो’ म्हटलं तर मागच्या बाकांवरून हशा. सरही हसले. दोन महिन्यांत मी बोलणं बदललं. होस्टेलवर एक मराठी, घरी फोनवर दुसरी. मग एकदा चुकून घरीही पहिलीच तोंडात आली. आई म्हणाली, ‘काहून रे, असा पाहुण्यावानी काहून बोलून राहिला?’

गाणं ऐकलं तेव्हा शब्द निम्मेही कळले नाहीत. पण ते दोघं कुणाला समजावं म्हणून बोलणं सरळ करत नाहीयेत, हे कळलं. अठराव्या वर्षी, कंपनीचा मालक समोर बसलेला असताना. मी त्याच वयात काय केलं ते वर लिहिलंच आहे.

अबोली१२ (नाशिक)

कपाशी, तुमचा प्रतिसाद वाचून पुन्हा ऐकलं. माझा आक्षेप जागेवर आहे. पण तुम्ही म्हणता ते मला पहिल्या वेळी ऐकू आलं नव्हतं.

जुना_श्रोता (न्यू जर्सी)

पुरस्काराची गोष्ट मी सांगतो. तारीख ३ ऑगस्ट १९९५. जागा मॅडिसन स्क्वेअर गार्डनचं पॅरामाउंट थिएटर, न्यू यॉर्क. ‘द सोर्स’ हे तेव्हा रॅपचं सगळ्यात वजनदार मासिक, त्यांचा पुरस्कार सोहळा. त्या रात्री मंचावर पश्चिमेकडच्या एका रेकॉर्ड कंपनीचा मालक शुग नाइट यानं न्यू यॉर्कच्या कंपनीचा मालक शॉन कोम्ब्ज याला टोमणे मारले, पूर्व आणि पश्चिम किनाऱ्याच्या मंडळींमध्ये तणातणी, सभागृह आधीच तापलेलं. अशात सर्वोत्तम नव्या गटाचं नाव पुकारलं गेलं, ते अटलांटाच्या आउटकास्टचं. हुर्यो सुरू झाली. बिग बॉयनं न्यू यॉर्कचा मान ठेवत दोन शब्द म्हटले. मग आंद्रे पुढे आला आणि वैतागून बोलून गेला, की दक्षिणेलाही काही सांगायचं आहे.

तेव्हा त्याचं वय वीस. ते ध्वनिमुद्रण त्यांनी १९९८ च्या ‘अक्वेमिनी’ अल्बममधल्या ‘चॉंकीफायर’ गाण्याच्या शेवटी जसंच्या तसं लावलं आहे. हुर्योसकट. ती हुर्यो त्यांनी पुसली नाही, हे मला फार भावतं.

आणखी एक बाब. ‘प्लेयर्स बॉल’चा व्हिडिओ दिग्दर्शित केला होता शॉन कोम्ब्जनंच, म्हणजे न्यू यॉर्कच्या माणसानं. न्यू यॉर्कला हे गाणं ठाऊक होतं, तिथल्या लोकांनी ते पडद्यावर पाहिलंही होतं. तरी दोन वर्षांनी बक्षीस द्यायची वेळ आली तेव्हा सभागृहाच्या घशाखाली उतरेना.

मी तेव्हा इथेच होतो, विद्यार्थी होतो, आणि खरं सांगायचं तर मीही दक्षिणेचं रॅप हलकंच समजायचो. माझ्याबरोबर राहणारा मुलगा अलाबामाचा. तो ही कॅसेट लावायचा तेव्हा मी दार लावून घ्यायचो. दहा वर्षांनी स्वतः विकत घेतली. २००४ मध्ये ‘स्पीकरबॉक्स / द लव्ह बिलो’ला वर्षातला सर्वोत्तम अल्बम म्हणून ग्रॅमी मिळालं तेव्हा त्याला फोन केला होता.

सप्तक (पुणे)

श्रेयाबद्दल एक लिहायचं राहिलं. आपण सगळे दोन रॅपर्सबद्दल बोलतोय, पण त्या तळघरातल्या तिघांबद्दल जास्त बोललं पाहिजे. टीएलसीचं ‘वॉटरफॉल्स’ यांनीच केलं, १९९५ मध्ये सात आठवडे पहिल्या क्रमांकावर. डंजन फॅमिलीतल्याच गुडी मॉब या गटाचा पहिला अल्बम यांचाच. दक्षिणेच्या रॅपसाठीचा ‘डर्टी साउथ’ हा शब्द ज्या गाण्यानं लोकांच्या तोंडी बसवला ते त्यातलंच. हे सगळं एका न लिंपलेल्या तळघरातून. रिको वेड २०२४ च्या एप्रिलमध्ये गेला, ५२ वर्षांचा होता.

रॅपर गाण्याचा चेहरा असतो म्हणून लोक त्याला ओळखतात. पण वेगळी चाल आणि वेगळा ठेका मिळाला नसता तर या मुलांनी तोच लांबट उच्चार न्यू यॉर्कच्या ठेक्यावर म्हटला असता आणि तो बेंगरूळ वाटला असता. त्या उच्चाराला बसायला ऐसपैस जागा या संगीतानं करून दिली. तबलजी गवय्याला जागा करून देतो, तशी.

रात्रीचा_रेडिओ (ठाणे)

सप्तक, हा मुद्दा सगळ्यात महत्त्वाचा वाटला. लय सैल ठेवली म्हणून स्वर लांबवता आले.

एक विचारायचं होतं. मी ऐकलं त्यात घुंगरं ऐकू आली नाहीत. वेगळी आवृत्ती आहे का?

तांबडीमाती (अटलांटा)

हो. अल्बममध्ये गाणं घेताना नाताळाचा रंग पुसट केला आहे, कारण ते वर्षभर चालायला हवं होतं. मूळ रूप १९९३ च्या नाताळाच्या संचावर आहे, ‘अ लाफेस फॅमिली ख्रिसमस’. आधी ते ऐका, आजूबाजूच्या गाण्यांसह. टोनी ब्रॅक्स्टनच्या मखमली आवाजातलं नाताळगीत आणि त्याच संचात ही पोरं. म्हणजे कंपनीनं काय मागवलं होतं आणि हातात काय आलं ते नीट कळेल.

भाच्यानं काल दोन्ही आवृत्त्या ऐकल्या. रात्री स्वयंपाकघरात येऊन विचारलं, ‘मावशी, ते घर अजून आहे का?’ आहे. २०१९ मध्ये बिग बॉयनंच ते विकत घेतलं. रविवारी त्याला घेऊन जाते. खासगी घर आहे, त्यामुळे आत जाता येणार नाही, रस्त्यावरूनच बघू. मातीचा फोटो मात्र इथे टाकते. सावंतवाडीकरांनी सांगावं, सारखी आहे की नाही.